दुसऱ्या जागेवरचे दोनशे बारा तास

मी, खाली सही करणारी, वय सदुसष्ट पूर्ण, अविवाहित, धंदा कवळ्या बनवण्याचा, आज मंगळवारी सकाळी साडेदहा वाजता माझ्या कामाच्या खोलीत बसून हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. मला कोणी धमकावलेले नाही, गोड बोलून बसवलेलेही नाही. वकीलबाई म्हणतात की इथे ‘माझी बुद्धी शाबूत आहे’ असे लिहावे लागते. लिहिते, आज शाबूत आहे. त्यांना ‘आज’ हा शब्द नको होता. तो राहील, कारण सगळी घाई त्याच्यामुळेच आहे. डॉक्टरांनी दीड तास प्रश्न विचारून दिलेला दाखला सोबत जोडला आहे. आणखी काही महिन्यांनी असा दाखला देता येईलच असे नाही, हेही त्यांनी तोंडावर सांगितले. मला भीती वाटते, याची नोंद इथेच करून ठेवते, म्हणजे पुढे अक्षर हलले तर कोणी भलता अर्थ काढू नये.

याआधी मी एक मृत्युपत्र केले होते. माझ्या वहिनींना एक चमचाही मिळू नये अशी त्यात चोख व्यवस्था होती. ते मी रद्द करते. का, ते कलम पाचमध्ये येईल.

कलम १. खाली कामाची खोली आणि वर राहायच्या दोन खोल्या असे माझे घर वहिनींना, म्हणजे माझ्या दिवंगत थोरल्या भावाच्या पत्नीला द्यावे. त्यांनी राहावे, विकावे, भाड्याने द्यावे. स्वयंपाकघरातला नळ पूर्ण आवळू नये, अर्धा वेढा आधीच थांबावे. आवळला की तो रडत बसतो आणि प्लंबर आठवडाभर तोंड दाखवत नाही.

कलम २. बँकेत जी शिल्लक असेल ती वहिनी आणि माझ्याकडे एकोणीस वर्षे कवळ्यांना चकाकी देणारी बाई, जिला आम्ही ‘पॉलिशवाली’ म्हणतो, या दोघींत निम्मी निम्मी वाटावी.

कलम ३. कामाची सगळी हत्यारे पॉलिशवालीला. त्यात मेण कोरायच्या सात सुऱ्या, घासायची मोटर, आणि वरचा-खालचा जबडा जुळतो का ते पाहायचे पितळी यंत्र आले. पातळ पात्याची सुरी तिने कोणालाही उसनी देऊ नये, मीही कधी कोणाला दिली नाही.

कलम ४. ज्या दंतवैद्यांसाठी मी एकतीस वर्षे काम केले त्यांना वरच्या फळीवरचा खोका द्यावा. ‘कवळी मी स्वतः बनवतो’ असे ते पेशंटला सांगायचे आणि मी मूग गिळून बसायचे. खोक्यात एक कवळी आहे. ती त्यांनी ‘रंग जमला नाही’ म्हणून परत पाठवली होती. मी आठ दिवस फळीवर ठेवून, बोट न लावता, तीच पुन्हा पाठवली. तेव्हा म्हणाले, “आता कसा झकास जमलाय.” त्या पेशंटने पुढे ती नेलीच नाही, म्हणून ती माझ्याकडे परत आली. दंतवैद्यसाहेबांनी ती दिवाणखान्यात ठेवावी.

कलम ५. आता खरे काम.

माझ्या खोलीत टीव्हीखाली गेम खेळायचे एक काळे यंत्र आहे. दादा गेल्यावर वर्षभराने घेतले. त्याआधीचे यंत्र दादाने आणि मी मिळून आणलेले होते. दादा जमीन मोजणीच्या कचेरीत नकाशे काढायचा. कवळीच्या साच्यात प्लास्टर ओतले की ते घट्ट व्हायला चाळीस मिनिटे लागतात आणि तेवढ्या वेळात त्याला हात लावायचा नसतो. दादा नेमका तेव्हा जेवणाच्या सुट्टीत यायचा, निवृत्त झाल्यावरही त्याच वेळी यायचा, आणि आम्ही चाळीस मिनिटे खेळायचो. वहिनींच्या नाकाला मिरच्या झोंबायच्या. “एवढा वेळ घरी दिला असता तर भिंतींना रंग तरी लागला असता,” असे त्या म्हणायच्या, आणि त्यांचे चुकत नव्हते.

शेवटची दोन वर्षे आम्ही एकच गेम खेळलो. एका बेटावरचा, परक्या भाषेतला. अक्षर वाचता येत नव्हते, म्हणून दादाने वहीत बेटाचा नकाशा काढला होता, विहिरी आणि पायवाटांसकट. पहिल्या जागेवर माझा खेळ जतन केलेला आहे, दुसऱ्या जागेवर दादाचा. माझा खेळातला माणूस केव्हाच होडीत बसून पलीकडच्या बेटावर गेला. दादाचा धक्क्याच्या टोकाला उभा होता, समुद्राकडे तोंड करून. “उद्या जाऊ,” म्हणून दादाने कंट्रोलर ठेवला. दुसऱ्या दिवशी मी प्लास्टर ओतले आणि वाट पाहत बसले. सकाळीच तो गेला होता. मला निरोप पोचला तेव्हा प्लास्टर घट्ट झाले होते. त्याच्या जागेवर खेळलेल्या वेळेचा दोनशे बारा तास चाळीस मिनिटे असा आकडा होता.

पुढे जुने यंत्र डिस्क वाचेनासे झाले. दुकानदाराने हे काळे दाखवले, म्हणाला, “यात जुन्या डिस्क चालतात, आणि जुन्या मेमरी कार्डावरचा जतन केलेला सगळा खेळ यात घेता येतो.” घेतले. घरी आणून डिस्क घातली, आणि दादाचा माणूस धक्क्यावर जसाच्या तसा उभा दिसला तेव्हा मी खुर्ची ओढून नुसती बसून राहिले. जुने कार्ड पुढे प्लास्टरच्या बादलीत पडले, तो माझा हलगर्जीपणा. या गेमची नोंद यंत्रातून बाहेर काढता येत नाही, नक्कल करू गेले की यंत्र नकार देते. म्हणजे दादाचे दोनशे बारा तास आता जगात एकाच ठिकाणी आहेत.

दर मंगळवारी मी दुसरी जागा उघडायची. त्याला हलवायचे नाही, नुसते पाहायचे. बाहेर पडताना गेम विचारतो, जतन करायचे का. इथे एक मेख आहे. त्या गेममध्ये गोल बटण म्हणजे हो, फुलीचे म्हणजे नको. नव्या यंत्राचा स्वतःचा कारभार उलटा, फुली म्हणजे हो, गोल म्हणजे नको. यंत्र सुरू करताना एक रीत आणि गेम सुरू झाला की दुसरी. पाच वर्षे माझा अंगठा चुकला नाही.

गेल्या वर्षी एका मंगळवारी तिथे दोनशे तेरा तास पंधरा मिनिटे दिसले, आणि धक्का रिकामा होता. दादाचा माणूस बाजारात, विहिरीपाशी उभा होता. घराची दुसरी किल्ली वहिनींकडे होती. मी तशीच त्यांच्याकडे गेले.

“तुम्ही माझ्या खोलीत बसून खेळलात का?”

“वन्सं, मला टीव्हीसुद्धा धड लावता येत नाही.”

“मग तो चालत गेला का?”

“कोण?” असे त्यांनी विचारले. मी त्यांना चोर म्हटले. दादाला जिवंतपणी छळलेत, आता मेल्यावरही त्याला उभे राहू देत नाही, असेही म्हटले. किल्ली काढून घेतली. कुलूपवाल्याला बोलावून नवे कुलूप बसवले आणि त्याच आठवड्यात ते जुने मृत्युपत्र केले.

नवे कुलूप बसले, खिडकीला कडी होती, आणि तरी पुढच्या मंगळवारी आकडा दोनशे तेरा तास बावन्न मिनिटे झाला. खोटे लिहीत नाही, मला वाटले दादाच येतो. दोन दिवस मी त्या विचारात खूश होते, त्याच्यासाठी खुर्चीसुद्धा सरकवून ठेवली. तिसऱ्या दिवशी भर दुपारी पॉलिशवाली शेजारी मोटर चालवत असताना मला एकदम भीती वाटली, की तो आला आणि माझ्याशी एक शब्दही बोलला नाही. मी तिला त्या दिवशी सहा वाजेपर्यंत घरी जाऊ दिले नाही.

मग मला कंट्रोलर दिसला. गोल बटण पांढरे झाले होते. प्लास्टरचा हात मी धुतल्याशिवाय त्याला कधीच लावत नाही, दादालाही लावू देत नसे. बटणाच्या बाजूला अंगठ्याचा ठसा होता आणि ठशात आडवी रेघ होती. माझ्या उजव्या अंगठ्यावर घासायच्या चाकाने तीस वर्षांपूर्वी कापलेली खूण आहे. मी अंगठा ठशावर ठेवून पाहिला आणि तो बरोबर बसला. मोरीजवळच्या वाडग्यात प्लास्टर तसेच दगड होऊन पडले होते. ते मी कालवल्याचे मला आठवत नव्हते. अजून आठवत नाही.

मला कळले ते असे. दुपारी केव्हातरी मी प्लास्टर कालवते, तसेच हात घेऊन बसते, दादाला बेटावर फिरवते, आणि शेवटी ‘नको’ म्हणून गोल दाबते. तिथे गोल म्हणजे हो.

त्यानंतर मी शुद्धीत बसून त्याला पुन्हा धक्क्यावर नेऊन उभे केले. दादाच्या वहीतला नकाशा समोर ठेवून, त्याच फळीवर, त्याच दिशेला तोंड करून. दिसायला तसाच आहे. पण आता तो मी उभा केलेला आहे, आणि ते मला दर वेळी दिसते.

कलम ६. डॉक्टरांना मी एकच विचारले.

“मी त्याची जागा पुसून टाकेन का?”

ते म्हणाले, “विसरणं वाढत जाईल, बाई. हाताची सवय मात्र बराच काळ टिकते.”

माझी भीती हीच आहे. मरण वेळ झाली की येईल. पण एके दुपारी मी माझा खेळ जतन करायला जाईन आणि दुसऱ्या जागेवर करीन, दोनशे बारा तास एका अंगठ्याने जातील, आणि मला रडूसुद्धा येणार नाही, कारण काय गेले ते मला ठाऊक नसेल. म्हणून यंत्र, डिस्क, कंट्रोलर आणि दादाची वही वहिनींना द्यावी. त्याच कंपनीचे नंतरचे यंत्र कोणी बदलून देतो म्हणाला तर घेऊ नये. दिसायला तसेच असते, पण जुन्या डिस्क त्यात चालत नाहीत.

कलम ७. माझी हत्यारे, म्हणजे मेण कोरायच्या सुऱ्या, घासायची मोटर आणि जबड्याचे पितळी यंत्र, पॉलिशवालीला द्यावीत. पातळ सुरी तिने कोणाला देऊ नये.

वकीलबाईंनी आत्ता कलम तीनवर बोट ठेवले. त्यांचा चेहरा उतरला. हे मी आधी लिहिले होते. त्या म्हणाल्या, “खोडून टाकू, नाहीतर उद्या कोणी बोट दाखवेल.” मी नको म्हटले. दोन्ही वेळा मी ते तिलाच दिले आहे, यावरून माझी इच्छा पक्की आहे असेच कोर्टाने समजावे. पाणी प्यायले आणि पुढे लिहीत आहे.

कलम ८. वकीलबाई असेही म्हणतात की मृत्युपत्र मेल्यावर लागू होते, आणि माझी भीती त्याआधीची आहे. म्हणून वहिनींना आज बोलावले. त्या आल्या. किल्लीचा विषय मी काढला तेव्हा म्हणाल्या, “राहू दे ते आता,” आणि यंत्र ठेवायला आणलेली पिशवी उघडून बसल्या. मी त्यांची माफी मागितली आहे, ती लेखी असावी म्हणून इथेही मागते. यंत्र आज सह्या झाल्यावर त्यांच्याबरोबर जाईल.

वहिनी, यापुढचे तुम्हाला. मी ते परत मागायला येईन. दुपारी येईन, हाताला प्लास्टर असेल. नीट बोलेन, आता बरं वाटतंय म्हणेन, फक्त पाच मिनिटं मागेन. नाही म्हणालात तर चोर म्हणेन, जिभेला ती सवय आहे. रडेनही. मला घरात घ्या, बसवा, वाटल्यास टीव्हीवर तो धक्का दाखवा, पण कंट्रोलर तुमच्या हातात ठेवा. ती बाई माझ्यासारखी दिसेल आणि माझ्यासारखी सही करील. तिची इच्छा माझी समजू नये. माझी इच्छा या कागदात आहे.

आणि एखाद्या दिवशी मी विचारीन की दादा अजून कसा आला नाही. तुम्ही खरे सांगितलेत तर ते मला पहिल्यांदाच कळेल, आणि पुढच्या खेपेला पुन्हा पहिल्यांदाच. सांगायचे की नाही, हे मला ठरवता आले नाही. बाकी सगळे मी लिहून ठेवले आहे, एवढे तुमच्यावर सोपवते.

हे वाचून दाखवल्यावर वहिनी म्हणाल्या, “मी सांगेन, प्लास्टर अजून ओलं आहे, बसा.”

तसेच सांगावे. ही माझी शेवटची इच्छा म्हणून नोंदवून घ्यावी.

वरील मजकूर मी स्वतः लिहिला, स्वतः वाचला, वकीलबाईंकडून मोठ्याने वाचून घेतला, आणि ऐकताना तो माझाच वाटला. सहीचे अक्षर हलले आहे ते भीतीने. सही माझीच आहे.

(सही) कवळीवाली
उजव्या अंगठ्याचा ठसा सोबत

साक्षीदार:
१. डॉक्टर. बाईंनी माझ्यासमोर सही केली. त्या वेळी त्यांना वार, स्वतःचे वय आणि समोरची माणसे बरोबर सांगता आली. (सही)
२. कुलूपवाला, याच गल्लीतला. बाईंनी माझ्यासमोर सही केली. त्या रडत होत्या पण शुद्धीत होत्या. (सही)

वहिनींना घर मिळत असल्याने त्यांची साक्ष घेतलेली नाही. त्या खोलीबाहेर, पिशवी मांडीवर घेऊन बसल्या होत्या.

ठिकाण: कामाची खोली, खिडकीजवळचे टेबल
दिनांक: महिन्याची नऊ तारीख, मंगळवार, दुपारी बारा वाजून वीस मिनिटे