भुवनाचं लुगडं

१८ ऑगस्ट
तमिळ आडी महिना संपला आणि मी सासरी, तंजावुरला आले. लग्न जूनमध्येच झालं, पण इकडच्या रिवाजाप्रमाणे आडीत नव्या सुनेनं माहेरी राहायचं असतं, म्हणून महिनाभर सेलमला होते. प्रद्युम्न स्टेशनवर न्यायला आले होते. घर राजवाड्यामागच्या गल्लीत आहे, नुकतंच रंगवलेलं. माडीवरची वाऱ्याची खोली मला ऑफिसच्या कामासाठी दिली. आत्याबाईंनी, म्हणजे माझ्या सासूबाई वेंकूबाईंनी, डांगर पच्चडी केली होती. मी दोनदाच घेतली तर म्हणाल्या, सेलमला एवढंच जेवतात, की लाजतेस?

ही रोजनिशी मराठीत लिहिते. या घरात सगळे मराठी बोलतात, पण देवनागरी कुणाला वाचता येत नाही. मला बाबांनी शाळेत घालण्याआधीच घरी शिकवली. घडलं तेवढंच लिहायचं, पदरचं घालायचं नाही, हेही तेव्हाच शिकवलं.

पुढच्या खोलीत भुवनाचा फोटो आहे. प्रद्युम्नांची पहिली बायको. दोन वर्षांपूर्वी डेंग्यूनं गेली. लग्नाआधीच सगळं सांगितलं होतं. मी फोटोला नमस्कार केला. आत्याबाईंना ते आवडलं असावं.

२९ ऑगस्ट
कार्डाचं स्टेटमेंट आलं. मी प्रत्येक रक्कम पावतीशी ताडून बघते. एक जुळेना. २६ तारखेला इथेच तंजावुरात चार हजार आठशे, कुठल्याशा ‘एंटरप्रायझेस’ला. २६ला मी घराबाहेर पडलेच नव्हते, दिवसभर ऑफिसच्या मीटिंग होत्या. कार्ड कपाटात डब्यात होतं, आत्ताही तिथेच आहे. बँकेचा मेसेज शोधला. त्या दुपारीच आलेला होता आणि कुणीतरी उघडून वाचलेला होता. मी वाचला नव्हता.

३० ऑगस्ट
ते नाव इंटरनेटवर शोधलं. पत्ता अय्यनकडै वीदी या रस्त्यावरच्या लुगड्यांच्या दुकानाचा निघाला. प्रद्युम्न म्हणाले, विसरली असशील दिव्या, भरून टाक. आत्याबाई पडवळ चिरत होत्या. दुकानाचं नाव सांगितल्यावर विळीवरचा हात थांबला. नऊवारी का, एवढंच विचारलं. मग हसून म्हणाल्या, “राहू दे गे. घेतलं असेल कुणीतरी. तू काय बँकेची इन्स्पेक्टर?”

पण मी घेतलंच नाही, तर घेतलं असं कसं म्हणू?

१ सप्टेंबर
दुकानात जाऊन आले. सांबशिव नावाच्या सेल्समननी बिल काढून दाखवलं. एक नऊवारी, हिरवं, तांबड्या काठाचं. गिऱ्हाईक त्यांच्या लक्षात होतं. भर दुपारी एक बाई आली, कार्ड मशीनवर टेकवलं, पिशवी नको म्हणाली. उजव्या हातावर सलाईनच्या सुईवर लावतात तशी पट्टी होती, म्हणून त्यांनी विचारलं, अम्मा, आजारी आहात का? तर म्हणाली, आता बरी आहे. आणि म्हणाली, घरात नवी सून आलीय, यंदाचं लुगडं तिनंच द्यायचं.

कशाबद्दल द्यायचं, मी विचारलं. सांबशिव हसले. म्हणाले, देणारीलाच माहीत नाही?

२ सप्टेंबर
बँकेकडे तक्रार केली, कार्ड बंद करवलं. अर्जात विचारलं होतं, खरेदी करणाऱ्या व्यक्तीला ओळखता का? एक नाव मनात आलं. ते लिहिण्यासारखं नव्हतं. ‘ओळखत नाही’ लिहिलं.

९ सप्टेंबर
पैसे परत जमा झाले. जेवताना आनंदानं सांगितलं. आत्याबाईंनी पळी खाली ठेवली.

१५ला अविधवा नवमी. नवऱ्याआधी गेलेल्या बाईच्या नावानं त्या दिवशी एक सवाष्ण जेवायला बसवतात, तिला नवं लुगडं नेसवतात. हे मला ठाऊक होतं. पण या घरात जेवणारीला त्या गेलेल्या बाईच्याच नावानं हाक मारतात. जेवेपर्यंत ती तीच. आणि लुगडं नंतर आलेल्या बायकोनं द्यायचं. मला कुणी सांगितलं नव्हतं. आत्याबाई म्हणाल्या, भुवना तुझ्याकडे मागायला लाजली असेल, आपली आपण जाऊन घेऊन आली. “आणि तू तिच्या अंगावरचं ओढून घेतलंस गे!”

मी प्रद्युम्नांकडे बघितलं. ते भात कालवत राहिले. मग म्हणाले, नवमीच्या आत तक्रार मागे घे. एवढं माझ्यासाठी कर.

मला भीती वाटते आहे. उद्या मागे घेते.

१० सप्टेंबर
हेल्पलाइनवरच्या मुलीनं नाव विचारलं, थांबायला सांगितलं. मग म्हणाली, कार्डधारक मॅडमनी सकाळीच फोन केला होता. माझ्या नावानं कुणी बाई फोन करेल, तिला काही सांगू नका, असं म्हणाल्या. मी म्हटलं, कार्डधारक मीच आहे. तिनं जन्मतारीख विचारली, आईचं नाव विचारलं. मी दोन्ही बरोबर सांगितलं. ती म्हणाली, जुळत नाही.

मी विचारलं, त्या मॅडम माझ्याबद्दल आणखी काय म्हणाल्या? म्हणाली, तुम्हाला ओळखत नाहीत, एवढंच.

११ सप्टेंबर
रोख पैसे देऊन तसंच हिरवं लुगडं आणलं. फोटोपुढे ठेवलं, हात जोडले, चुकले म्हणाले.

दुपारी जेवून वर आले तर लुगडं माझ्या खोलीच्या दारात. घडी तशीच. वर दुकानात दिलेल्या त्याच नोटा. एकीवर माझ्या हातून शाईचा डाग पडला होता, तोही होता.

तिनं परत केलं.

१२ सप्टेंबर
कपाटातून माझा लग्नातला शालू गेला. सगळं घर शोधलं. प्रद्युम्न ऑफिसला निघताना “येतो गं, दिव्या” म्हणाले. मी जिन्यात उभी होते. ते स्वयंपाकघराकडे बघत होते. आतून कुणीतरी ‘हं’ म्हणालं. आत्याबाई देवळात गेल्या होत्या.

१३ सप्टेंबर
सेलमला फोन केला. बाबा, मला घेऊन जा म्हटलं. बाबांनी विचारलं, कोण बोलतंय? मी दिव्यश्री म्हटलं. ते रागावले. म्हणाले, असली थट्टा करू नका, दिव्या आत्ताच बोलली आमच्याशी, सुखात आहे पोर.

माझे बाबा. माझा आवाज ओळखला नाही.

१४ सप्टेंबर
अंगात ताप. उजव्या हातावर पट्टी आहे. मी लावली नाही. सोलून काढली, खाली सुईचं भोक. तोंड धुऊन आले तर पुन्हा — तशीच —

दाराला बाहेरून कडी. खिडकीतून हाका मारल्या. गल्लीतून फुलवाला गेला, वर बघितलं, नमस्कार केला. फोटोला करतात तसा.

घडलं तेवढंच लिहिते आहे बाबा. पदरचं काही नाही.

१५ सप्टेंबर
नवमी. ऊन चढलंय. आत्याबाईंनी मला हिरवं लुगडं नेसवलं. मी नको म्हटलं, तर रडल्या. माझ्या पाया पडल्या. “जेव गे बाई, पोटभर जेव, आणि जा. पोराचा संसार नवा आहे.”

मी म्हटलं, मीच ती नवी. मीच दिव्या. प्रद्युम्न दारात होते. तोंड फिरवलं.

पाटावर बसवलंय. पुढे केळीचं पान. रोजनिशी पदराखाली. भिंतीवर नुसता खिळा — फोटो कुठे —

आत बांगड्या वाजताहेत. आत्याबाई म्हणतात, दिव्या, आण गे भात, भुवना थांबलीय.

जेवायचं नाही. घास घ्यायचा नाही. घेतला की मी —

शालू. माझा शालू नेसलीय. हातावर पट्टी नाही. वाकून वाढते आहे. भूक लागलीय, का लागलीय एवढी, हात आपोआप —

माझ्याच आवाजात विचारते, भुवनाक्का, आणखी थोडा —