मागचे केस

लव्हेल, गड्या,

आज शनिवार. स्टेडियमचा आरडाओरडा खोलीपर्यंत येतोय. गेल्या मोसमात आपण दंडावर निषेधाची काळी फीत बांधून खेळू द्या म्हणालो, तर कोचनं आपल्या सगळ्या काळ्या पोरांना कॉलेजच्या फुटबॉल संघातून हाकललं. बाकीचे डेट्रॉईटला, शिकागोला परतले. मी एकटाच उरलोय. आईला डिग्रीचा शब्द दिलाय ना.

काल कोचचा निरोप आला, "माफी माग आणि ये खेळायला." मी गेलो नाही.

मॅचच्या सकाळी तूच आमचे केस कापायचास, कारण इथला न्हावी आपल्या डोक्याला हात लावत नाही. जरा हललो की टपली, "गप बस की, कान हवाय ना?" आज स्वतःच कात्री घेतली. पुढचे जमले. मागचे हाताला येईनात, आणि आरसा धरायला कुणी नाही.

हे पत्र टाकणार नाही. कॉलेज सुटताच सक्तीनं फौजेत ओढलेल्या, व्हिएतनामला निघालेल्या माणसाला माझ्या केसांचं काय सांगायचं?

फौजेत म्हणे पहिल्याच दिवशी डोकं भादरतात. तू हललास तेव्हा तिथल्या न्हाव्यानं टपली मारली का रे, की नुसतीच मशीन फिरवली?

तुझा, अर्धाच कापलेला,
रूफस