शिडीवरची रिकामी जागा

प्रिय टिल्ल्या,

उंची बापावर गेली तरी माझ्यासाठी तू टिल्ल्याच. फोनवर ‘जेवलो, बरा आहे’ एवढं सांगून ठेवून देतोस, म्हणून लिहायला बसले. पत्र मधेच ठेवून देता येत नाही.

गिरणीच्या भिंतीवर बाबांनी काढलेल्या चित्राची दुरुस्ती जोरात चालली आहे. पन्हाळ फुटून ओल उतरली होती. चित्रातला पूर खरंच गळायला लागला होता म्हण. त्यासाठी एक मुलगी आली आहे, तुझ्याहून लहान. कापसाच्या बोळ्याने जपून पुसते, फुगलेल्या गिलाव्यात सुईने चुना भरते. गावाचा सगळा इतिहास पुन्हा उजळलाय. पूल बांधणारा साहेब म्हणून बाबांनी ज्यांना उभं केलं होतं ते शिंपीकाका रोज हात मागे बांधून पाहणी करतात, जसा काही पूल त्यांनीच बांधला. आणि होडीतला तू. उभं राहून पायाला मुंग्या आल्या म्हणून रडलास आणि बाबांनी तेच रडं उतरवलं. लोक अजून म्हणतात, पुराची भीती काय हुबेहूब आलीय. मी आपली गप्प बसते.

बाबांचा हट्ट तुला ठाऊकच आहे. फोटोवरून चेहरा काढायचा नाही, माणूस भिंतीसमोर उभा राहिला पाहिजे. त्यापायी त्यांचा स्वतःचाच राहिला. कोपऱ्यात शिडी काढली, वरचा रंगारी शेवटी बघू म्हणाले, आणि त्याआधीच देवाघरी निघून गेले. तेव्हापासून तू त्या रस्त्याला फिरकला नाहीस. मला कळतं रे. मीही वर्षभर बाजाराला लांबच्या वाटेने जायचे.

परवा सगळ्यांनी ठरवलं, शिडीवर त्यांनाच चढवायचं. मुलीने फोटो मागितला. मी काढून देणार, तोच शिंपीकाका म्हणाले, “फोटो नको, वहिनी. त्याला चाललं नसतं.” मग सगळे माझ्याकडेच बघायला लागले. तोच उतरता खांदा, तेच नाक, विचारात पडलं की मान खाजवायची तीच सवय या घरात आणखी कुणाची आहे, हे सगळ्यांना माहीत आहे.

महिनाअखेर भिंतीवर शेवटचा लेप बसेल, मग ब्रश लावता येणार नाही. म्हणून हे पत्र. तुझी फार आठवण येते, ते तर आहेच. बाबांचा कामाचा सदरा धुऊन ठेवलाय, रंगाचे डाग काही निघाले नाहीत. ये, आणि त्यांच्या जागी जरा वेळ उभा राहा. रडू आलं तर खुशाल रड. मी मुलीला सांगून ठेवलंय, या वेळी तेवढं काढू नकोस.

वाट बघणारी,
तुझीच आई