उशिरा दाखल होणारा फोटो

मिरजगाव, १४ नोव्हेंबर २०२४

ती. राजनंदिनीताईस,
कल्याणचा नमस्कार. आईने वळण लावलंय म्हणून लिहितो, मनातून नाही.

परवा जेवताना तू माझा मोबाईल ओढून घेतलास, निकिताचा स्कूटीवरचा फोटो बघितलास आणि तिच्या तोंडाकडे न बघता मागच्या वाटेवर बोट ठेवून पुरावा मिळाला म्हणून ओरडलीस. त्या घडीला माझं डोकंच फिरलं. तो फोटो मी दोन वर्षं रोज बघतोय. त्यात रस्ता आहे हे मला कधी दिसलंच नाही गं!

निकिताच्या वडिलांनी, आबासाहेबांनी, आपल्या रानाचा रस्ता नांगरला आणि असा रस्ता कधी नव्हताच असं ते कोर्टात सांगतात, हे मला माहीत आहे. आप्पांचा ऊस उभा आहे, ट्रॅक्टर आत जात नाही, तेही दिसतंय. पण आपल्या बापाची वकील झालीस म्हणून माझ्या काळजाला नंबर टाकून फाईलला लावशील? फोटो तू स्वतःला पाठवून घेतलासच. तो कोर्टात लावायला लागणारी माझी सही मात्र मिळणार नाही. फोन करू नकोस, उचलणार नाही.

लोभ तूर्त बंद.
कल्याण

कर्जत, १८ नोव्हेंबर

चि. कल्याण यास,
अनेक आशीर्वाद. दुधाच्या टेम्पोवाल्याने तुझं पत्र दिलं. अक्षर सुधारलंय, डोकं नाही.

नीट वाच. पुराव्याचे कागद दाव्याबरोबरच लावायचे असतात. मागाहून आणायचे तर न्यायाधीशांची परवानगी लागते, आणि आधी का आणले नाहीत याचं कारण द्यावं लागतं. अर्जाची प्रत समोरच्यालाही जाते. फोटो तुझ्या मोबाईलमधला, म्हणून तो खरा असल्याच्या प्रमाणपत्रावर सही तुझीच. सोबत प्रतिज्ञापत्र पाठवते. कारण मी घातलंय: फोटो जुन्या मोबाईलमध्ये राहून गेला होता, आत्ता सापडला. सही कर, शपथेला कोर्टात ये.

नाही केलीस तरी माझं अडत नाही. दोन डिसेंबरला निकिता बापाच्या बाजूने साक्षीला उभी राहणार आहे. उलटतपासणीत साक्षीदारापुढे कागद ठेवायला आधी परवानगी लागत नाही. तिला शपथेवर रस्ता नव्हता म्हणू देईन, मग तिच्याच स्कूटीचा त्याच रस्त्यावरचा फोटो हातात देईन. भर कोर्टात. मग बघ तिचं तोंड.

एस. वाय. अर्ध्यात टाकून तू हिच्या मागे हिंडलास. त्यातून घराच्या उपयोगी पडलेली ही पहिली वस्तू, ती तरी दे.

माया आहे, तुला ती दिसो न दिसो.
ताई

मिरजगाव, २१ नोव्हेंबर

ती. ताईस,
नमस्कार, शेवटचा समज.

सही केली. नाचू नकोस, तुझ्यासाठी नाही केली. अर्जाची प्रत समोर जाते हे तूच लिहिलंस. म्हणजे साक्षीच्या आधी निकिता फोटो बघेल आणि पिंजऱ्यात खोटं बोलायची पाळी तिच्यावर येणार नाही. तू तिला गाठणार होतीस. माझी सख्खी बहीण! शरम वाटते मला.

तुझं कारण खोडलं. माझ्या हाताने लिहिलंय की फोटो पहिल्यापासून माझ्याकडेच होता, निकितावर माझं प्रेम आहे, तिचं नाव बाहेर येऊ नये म्हणून मी तो कुणाला दाखवला नाही, आणि माझ्या वडिलांना याची गंधवार्ता नव्हती. खाडाखोडीवर सह्या आहेत. शपथेलाही येईन. हे कारण कोर्टाला पुरलं तर रस्ता तुमचा. नाही पुरलं तर तुझं शिक्षण वापर.

आप्पांनी ते वाचलं. ताट भिरकावलं. ज्यानं रस्ता गिळला त्याच्याच पोरीपायी बापाचं नाक कापतोस म्हणाले, आणि या उंबऱ्याच्या आत परत पाय टाकायचा नाही म्हणाले. आई भिंतीकडे तोंड करून बसली आहे.

कोर्टाची प्रत आबासाहेबांकडे जायच्या आत मीच त्यांच्या अंगणात जाऊन सांगणार आहे, की वाट होती, तिच्यावर निकिता होती, आणि फोटो मी काढला. मारतील. मारू देत. तिच्यावर हात उगारायच्या आधी त्यांनी मला तरी ओलांडावं.

कागद टेम्पोवाल्यासाठी ओसरीवर ठेवलेत. मायेचं तू तुझ्यापाशीच ठेव.

चप्पल घातली आहे. दार ओढून घेतो.
कल्याण