मावळीण म्हणायचीस ती आक्काला

आई, आक्काने पानशेतला धरणाच्या अलीकडे खानावळ काढलीय. तू जिथं असशील तिथून आधी तिच्याकडेच बघत असशील, तेव्हा तुला ठाऊक असेलच. तरी पाटीवर काय लिहिलंय ते सांगते, कारण तुला वाचता येत नव्हतं. ‘अस्सल मावळी जेवण’. भगवी अक्षरं, आणि शेजारी ढाल-तलवार घेतलेला मिशाळ माणूस. शनिवार-रविवार पुण्याच्या गाड्या लागतात आणि त्यातल्या निम्म्या गाड्यांच्या मागच्या काचेवर ‘मावळा’ असं लिहिलेलं असतं. गाडीतून उतरणारे हे मावळे पहिली पाच मिनिटं नुसते ऊन ऊन करतात, मग सावलीतली जागा धरतात, नाचणीच्या भाकरीचे फोटो काढतात आणि आक्काला विचारतात, “मावशी, तुम्ही इथल्याच का? म्हणजे खऱ्या मावळ्यांच्या घरातल्या?” आक्का पदर खोचत म्हणते, “व्हय तर. माज्या आयेनं मला आवनीच्या चिखलात वाढीवलीय.” गेल्या रविवारी मी तिथंच मेथी निवडत बसले होते. एका बाईने माझ्याकडे बघून विचारलं, “आणि या?” आक्का म्हणाली, “ही माजी धाकटी भैन. ही खालची हाय, भोंगवलीची.” एवढंच. खालची. त्या बाईने मान हलवली आणि परत आक्काकडे तोंड केलं. मी अठ्ठावन्न वर्षांची, भोरच्या ऑफिसातून निवृत्त झालेली, दोन नातवंडांची आजी. आणि माझ्या पोटात जे पेटलं ते नऊ वर्षांच्या पोरीच्या पोटातलं होतं. मेथीच्या जुडीतली निम्मी पानं मी देठांबरोबर टाकून दिली, आणि आक्काने ती गुपचूप वेचून परत टोपलीत घातली. त्याचाही मला राग आला.

या शब्दाचा माझ्याइतका पिच्छा कुणी केला नसेल. तो दर दहा मैलांवर कसा बदलतो ते मी तोंडपाठ सांगू शकते. भोंगवलीत, तुझ्या सासरी, खालच्या बाजरीच्या मुलखात, ‘मावळातली’ म्हणजे तू. भाकरी तव्यावर फुटली की आजी म्हणायची, मावळातली ती, तिला बाजरीचं पीठ काय कळणार. तुझ्या फुटलेल्या टाचा मावळातल्या, तुझं मोठ्याने हसणं मावळातलं, दोन वेळा भात मागणं तर मावळातलंच. त्याच गावात जुन्या बायका आत्याला मावळण म्हणत, आणि आत्या आली की तो मानाचा शब्द होऊन तिच्यासाठी पाट मांडला जायचा. चौथीच्या वर्गात गुरुजींनी शूर मावळ्यांचा धडा शिकवला आणि विचारलं, कुणाचं आजोळ मावळात आहे? मी हात वर केला, मागून कुणीतरी खुदकन हसलं, आणि मी तोच हात केसांवरून फिरवून खाली घेतला. भोरच्या बाजारात मावळातला तांदूळ म्हटलं की व्यापारी दाणे तळहातावर घेऊन वास घ्यायचा. तो तांदूळ डोक्यावरून आणणारी बाई मात्र दुकानाच्या पायरीखाली उभी असायची. दिवाळीत पोरं किल्ल्यावर मातीचे मावळे ठेवतात, निवडणुकीत पुढारी आपल्या माणसांना मावळे म्हणतात. ऑफिसात माझ्या शेजारी महाडकडचा एक कारकून होता, तो आम्हा सगळ्यांना सरसकट घाटी म्हणायचा. भोर काय, वेल्हं काय, भोंगवली काय, त्याच्या लेखी सगळे एकच. बाकीचे चिडायचे, मला मनातून बरं वाटायचं. तुझ्यात आणि आक्कात मला कुणी धरलं ते असं, शिवी म्हणून.

आणि वर, तुझ्या माहेरी, वेल्ह्याच्या पलीकडच्या त्या वाडीत, हा शब्द कुणी वापरतच नव्हतं. मामाला मी एकदा विचारलं होतं. तो म्हणाला, “मावळं पुस्तकात अस्त्यात. आमी डोंगरातली मानसं.” त्या सगळ्या वाडीत तो शब्द फक्त तुझ्या तोंडात होता, आणि तोही एकाच माणसासाठी. आक्का लांबून पळत यायची आणि तू हात पसरून म्हणायचीस, “आली गं माजी मावळीण!” मला तू बाळ म्हणायचीस, सोन्या म्हणायचीस. बाळ आणि सोन्या कुणालाही म्हणतात.

आक्का आजोळी का राहिली ते मला मोठेपणी समजलं. आजोबा गेले, मामाचं लग्न व्हायचं होतं, तिकडच्या आजीच्या हाताशी कुणीतरी हवं, म्हणून पहिली लेक तू तिकडे ठेवलीस. तेव्हा मला एवढंच दिसायचं की दरवर्षी आषाढात तू गाठोडं बांधतेस आणि पंधरा दिवस आवणीला, म्हणजे भातलावणीला, वर जातेस. आज याच्या खाचरात सगळ्यांनी लावायचं, उद्या त्याच्या. ज्या घरातून लावणारी बाई येणार नाही त्या घराच्या खाचरात कुणी उतरणार नाही. तू गेली नसतीस तर आजीचं भात तसंच राहिलं असतं. हे सगळं मला आज पटतं. पण म्हशीची धार काढायला आणि वडिलांना भाकरी करून घालायला इकडच्या आजीबरोबर मागे राहायचे मी, आणि पंधरा दिवस मनात एकच हिशोब चालायचा, की आत्ता या घटकेला ती आक्काच्या शेजारी असेल.

नऊ वर्षांची असताना मी इतकी रडले की तू मला बरोबर नेलंस. तिथं गेल्यावर मला तू ओळखूच येईनास. गुडघ्यापर्यंत लुगडं खोचून तू चिखलात उभी आहेस, मोठमोठ्याने बोलतेस, मामाला शिव्या घालतेस, बायका एक ओळ म्हणतात आणि पुढची तू उचलतेस. भोंगवलीत माजघराच्या कोपऱ्यात हळू बोलणारी बाई ती हीच का, हे मी बघतच राहिले. मग माझ्या हातात रोपांची मूठ दिलीस. मी आयुष्यात शेतातलं एकच काम केलेलं होतं, बाजरीतली खुरपणी. मी सरळ चिखलात उकिडवी बसले आणि बसल्या बसल्या पुढे सरकत रोपं खोचायला लागले. मागे वळून बघते तर लावलेली सगळी रोपं माझ्याच परकराखाली आडवी झालेली. सगळं खाचर हसलं. एक बाई म्हणाली, “अगं बया, ही तर देशावरली! वाकाया बी येत न्हाई हिला.” आक्का माझ्याहून दोनच वर्षांनी मोठी, ती कमरेत वाकून झपाझप मागे मागे सरकत होती आणि तिच्यापुढे रोपांची हिरवी रांग उभी राहत होती. तू हसत हसत म्हणालीस, “कमरंत वाक गं पोरी, ही काय बाजरी हाय खुरपायला? ती बग माजी मावळीण.” तू हसलीस याचं मला काही वाटलं नसतं. तू तिच्याकडे बोट दाखवलंस. त्या दिवशी पाऊस वाढला तेव्हा तुझं पानांचं इरलं तू आक्काच्या डोक्यावर घातलंस आणि मला म्हणालीस, तू बांधावरच्या झाडाखाली बस, भिजशील.

त्याचा सूड मी गिरणीत घेतला. घरी परतल्यावर आठ-दहा दिवसांनी आपण दळण आणायला गेलो होतो. तू गिरणीवाल्याला म्हणालीस, “माजं दळान झालं का रं? म्या लई येळची हुबी हाय.” माझ्या वर्गातल्या दोन मुली तिथं होत्या, त्यांनी एकमेकींकडे बघितलं. मी सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हटलं, “कसं बोलतेस गं मावळटासारखं!” तू मारलं नाहीस. डबा डोक्यावर घेऊन वाटेला लागलीस, आणि ओढ्यापाशी आल्यावर माझ्याकडे न बघता म्हणालीस, “व्हय, हाय म्या मावळट. तू न्हाईस, ते बरंय. तू हू बी नगंस.” मला वाटलं होतं एखादी चापट बसेल आणि विषय मिटेल. दुसऱ्या दिवसापासून तू माझ्याशी ‘म्या’ आणि ‘न्हाई’ सोडून ‘मी’ आणि ‘नाही’ बोलायला लागलीस. अडखळत, शब्द निवडून, एखाद्या पाहुण्याशी बोलावं तसं. मरेपर्यंत तसंच बोललीस. मला भोरला शिकायला ठेवलंस, शाळेसाठी काळी छत्री घेऊन दिलीस, ती छत्री मी चार वर्षं वापरली आणि चारही वर्षं तिचा मला तिटकारा होता. सुट्टीत आक्का यायची तेव्हा तुम्ही दोघी चुलीपाशी बसून तुमच्या बोलीत तास-तास बोलायचात. मी आत आले की तू मध्येच थांबून विचारायचीस, “तुला काही हवं आहे का?” आई, ‘हवं आहे का’ असं आपल्या घरात कुणीच बोलत नव्हतं.

तर गेल्या रविवारी पाहुणे गेल्यावर मी आक्काशी भांडले. म्हटलं, मला खालची का म्हणालीस? एकाच आईच्या ना आपण? ती ताटं विसळत होती. म्हणाली, “मग काय म्हनू? तू हायीस खालची.” मी म्हटलं, आई तुला मिळाली सगळी, तिचं बोलणं, तिची गाणी, इरलं, आणि आता तिच्या नावावर तू पुण्याच्या लोकांना भाकऱ्या विकतेस. तिने ताट खाली ठेवलं. “मला मिळाली? वरसातनं पंद्रा दिस. पाऊस उगाडला की गाठुडं बांदून चालाया लागायची. म्या खिंडीपत्तुर मागनं पळायची, मामा धरून आनायचा. तुला रोज हुती आय. सकाळी उटलं की हुती. मला नुसती आवनीपुरती.” मग ताट परत उचलून विसळत म्हणाली, “मला का ठिवलं, ह्ये तिनं मला कदी सांगितलंच न्हाई. म्या बी इच्यारलं न्हाई.”

तुला खरं सांगू का, मला तिची दया यायला हवी होती. मला वाटलं, घ्या, दुःखही हिचंच मोठं निघालं. तेही माझ्या वाट्याला नाही. इतकी वर्षं मी ज्या गोष्टीवर जळत बसले तिच्या तळाशी असं निघावं आणि तरीही माझं जळणं थांबू नये, हे काय आहे ते मला माहीत नाही.

मग तिने तेच विचारलं जे ती दर दिवाळीला विचारते. “आय शेवटाला काय म्हनली गं?” आणि मी तेच सांगितलं जे बावीस वर्षं सांगत आले. काही नाही. गुंगीतच होती. गुंगीतच गेली.

तुला आठवत नसेल, म्हणून लिहिते. भोरच्या दवाखान्यातली दुपार होती. पानशेतच्या दुकानात फोन करून आक्कासाठी निरोप ठेवला होता, ती दुसऱ्या दिवशी सकाळी पोचली, तोवर तू गेली होतीस. त्या दुपारी खोलीत मी एकटीच होते, तुझ्या कपाळावर ओली घडी ठेवत. तू डोळे उघडलेस, माझ्याकडे बघितलंस आणि म्हणालीस, “आलीस व्हय गं, मावळनी?” मला सांगता आलं असतं की आक्का वाटेत आहे. मी म्हटलं, “व्हय, आये.” जन्मात पहिल्यांदा मी तुझ्याशी तसं बोलले आणि जीभ कुठंही अडखळली नाही. तू माझा हात धरलास. तुझ्या बोटांत तेवढा जोर कुठून आला होता कोण जाणे. म्हणालीस, “तुला ठिवून आले गं म्या. माज्यावर राग धरू नगंस.” मी म्हटलं, “न्हाई धरला, आये.” तू “बरं” म्हणालीस आणि डोळे मिटलेस. पुढे काही बोललीच नाहीस.

ते बोलणं आक्काचं होतं. तिने आयुष्यभर ज्याची वाट पाहिली तेवढंच होतं, आणि त्याचं उत्तरही तिनेच द्यायचं होतं. कदाचित तिने राग धरलाय असं सांगितलं असतं, तोही तिचाच अधिकार होता. हे पत्र तुला पाठवता येत नाही, पानशेतला येतं. भोरहून नसरापूर, नसरापूरहून वेल्हं, पुढे मिळेल त्या जीपने दुपारपर्यंत मी स्वतःच नेऊन तिच्या हातात देऊ शकते. पण दिलं तर तिला हेही कळेल की तू मावळीण म्हणालीस ते तिला म्हणालीस. आत्ता ते माझ्याकडे आहे, आई. मला एकदाच मिळालंय, आणि मला अजून ते सोडवत नाही.