संत निकोलाचा बिल्ला

गोर्नो ब्रेस्तोवो,
२६ फेब्रुवारी

बोर्याना पोरी, आशीर्वाद.

कालिनाचा खोकला कसा आहे? काढ्यात मध माझ्याकडचाच घाल, दुकानातला म्हणजे नुसता साखरेचा पाक. सोबत तिच्यासाठी वसंताची मार्तेनित्सा पाठवतोय, एक मार्चला मनगटावर बांध. लाल-पांढरा दोरा मीच वळलाय, त्यामुळे वाकडातिकडा झालाय. दुखवट्यात तुलाही एक पाठवावी की नाही ते कळेना. तुझी सासू असती तर तिने सांगितलं असतं.

स्विलेनला जाऊन वर्ष झालं, त्याचं नवं शोकपत्रक फोटोसकट छापून आणलं. जुनं पावसाने पार फिकटलं होतं. फाटकावर लावलं, बसथांब्यावर लावलं. दुकानातला मितो म्हणाला, "फोटोत हसतोय. बरं केलंत." द्राक्षाच्या वेलीही छाटून झाल्या. लाकडं फोडली, गरज नव्हती तरी फोडली.

वकीलबाईंचा फोन आला होता. "स्तामेनकाका, गुरुवारी कोर्टात तुम्हाला दोनच वाक्यं बोलायची आहेत. पट्टा लावला नाही की गाडी टुंटुं वाजायची, आणि स्विलेनला ते सहन व्हायचं नाही म्हणून तो लगेच लावायचा. बस." मी हो म्हणालो. मग रविवारी तू फोनवर म्हणालीस, "बाबा, ट्रकवाल्याची चूक कोर्टानेच ठरवलीय ना? मग पट्टा लावला नव्हता म्हणत विमा कंपनी माझ्या नवऱ्यावर तिसरा हिस्सा दोष टाकणारी कोण? पैसे कापायचे तर कापू देत. पण कालिना उद्या तो कागद वाचेल. बाप स्वतःच्या निष्काळजीपणाने गेला, असं वाचेल ती?" त्यावरही मी हो-हो केलं. तू वर्षभर त्यांच्या पैशाला हात लावला नाहीस, शिवणकामावर घर चालवतेस, ते याच एका गोष्टीपायी.

पोरी, गाडी वाजत नव्हती.

पट्ट्याच्या टोकाला लोखंडी जीभ असते ना, तसली सुटी जीभ बाजारात मिळते. खाचेत अडकवली की गाडीला वाटतं पट्टा लावलाय. अपघाताच्या आधीच्या डिसेंबरात, निकोलाच्या सणाला, मी जत्रेत ती विकत घेतली. वर बिल्ल्यासारखं संत निकोलाचं चित्र होतं, प्रवाशांचा राखणदार म्हणून. विकणारा म्हणाला, "आजोबा, आवाजही बंद आणि आशीर्वादही चालू!" मला ते इतकं आवडलं की मी भावही केला नाही. स्विलेनला दिली तर तो पोट धरून हसला. म्हणाला, "बाबा, बोर्यानाला कळलं तर दोघांनाही घराबाहेर काढेल. ती बसली की काढून खिशात टाकत जाईन." मीही हसलो. तुझ्यापासून लपवायची एक गंमत आम्हा बापलेकांत होती, याचा मला आनंदच झाला होता. त्याला नंतर नंतर माझ्याशी बोलायला फारसं काही नसायचं, तुला माहीत आहे.

पोलिसांच्या आवारात मोडकी गाडी दाखवली तेव्हा सामान घ्यायला मीच गेलो होतो. कालिनाचा एक बूट, त्याचा चष्मा, तुझी छत्री. शिपाई यादी लिहीत होता. तो पान उलटत असताना मी वाकलो आणि बिल्ला खाचेतून उपटून मोज्यात घातला. यादीवर सही केली. बिल्ला अजून माझ्याकडे आहे, खिळ्यांच्या डब्यात. वर्षभर तू म्हणत राहिलीस, "त्या पट्ट्यातच काहीतरी बिघाड असणार," आणि मी समोर बसून तुझ्या हातचं सूप पीत राहिलो. मला शरम वाटते. फोनवर सांगितलं नाही, कारण तू पहिला शब्द 'बाबा' म्हणतेस आणि मग माझ्याने बोलवत नाही.

हे वाचून तू काय करशील माहीत नाही. साक्षीदारांतून माझं नाव काढायचं असेल तर वकीलबाईंना कळव, मी तोंड उघडणार नाही. त्यात तुझा फायदा आहे, आणि मी तुला दोष देणार नाही. पण नाव राहिलं तर मी झालं ते सांगणार, बिल्ला टेबलावर ठेवणार. पैसे कापले जातील, पट्टा लावला नव्हता तेही कागदावर राहील. पण कालिना वाचेल तेव्हा खाली एक ओळ जास्त असेल: ती वस्तू त्याला त्याच्या बापाने आणून दिली होती. तिने रागवायचं तर माझ्यावर रागवू दे. त्याच्यावर नको.

गुरुवारी पहिल्या बसने येतो. तुझ्या शेजारी माझ्यासाठी जागा धरू नकोस.

स्विलेनचा बाप,
स्तामेन