रुमालाखालचा हात

१४ सप्टेंबर १९५४, परतूर

डाव्या हातानं लिहून राह्यलो. अक्षर कोंबडीनं उकरल्यासारखं. उजवा प्लास्टरमध्ये. परवा रामनिवास शेठच्या सरकी काढायच्या जिनात कापसाच्या गाडीवर चढल्तो, बैल सरकले, मी तळहातावर खाली आलो. लोक म्हणतात सुरजमल पडला. पडलो न्हाई. उतरतच होतो, जरा जल्दी उतरलो.

काल जालन्याला डॉक्टरनं सांगितलं, मनगटाजवळ अंगठ्याच्या बाजूचं हाड मोडलं. मनगटात म्हणे आठ बारकी हाडं, दोन रांगांत. विचारलं, आठातलं कोणतं गेलं? म्हणाले, एकही न्हाई, मोडलं ते वरचं, हाताचं. मंग काय, आठही शाबूत. काळजी मिटली.

बोटं प्लास्टरच्या बाहेर मोकळी ठेवलीत. त्यांचा एक्सरसाइज रोज करायचा: मूठ वळायची, उघडायची, अंगठा एकेका बोटाच्या टोकाला लावायचा. न्हाई केलं तर सांधे धरतील म्हणाले. उद्यापासून सुरू. ही वही त्याचीच नोंद ठेवायला घेतली. रोज अर्धं पान.

१५ सप्टेंबर

बोटं सुजलीत. सुजलेल्या अंगाला आराम लागतो, हे लहान लेकराला पण समजतं. उद्या.

२३ सप्टेंबर

बायको, लाडबाई, रोज म्हणते, बोटं हालवा. तिला सांगितलं, मी मनातल्या मनात हालवून राह्यलो. तिनं भाकरी कुस्करून ताटात ठेवली आणि गेली.

हाताला जपलंच पाहिजे. आमच्या मोंढ्यात, म्हणजे बाजारात, कापसाचा भाव कोणी तोंडानं सांगत न्हाई. शेतकऱ्याचा हात आणि दलालाचा हात, वरून रुमाल. जितकी बोटं धरली तितके रुपये चालू भावाच्या वर. पेर दाबलं की अर्धा. शेजारी उभ्या माणसाला पत्ता लागत न्हाई. रामनिवास शेठच्या जिनाची खरेदी आजवर माझ्याच हातानं झाली. लाभपंचमीचा, हंगामातला पहिला, मुहूर्ताचा सौदा तर दुसऱ्या कोणी केलाच न्हाई. असा हात काय उगाच हालवत बसायचा?

९ ऑक्टोबर

धाकटा भाऊ शांतिलाल म्हणाला, भाईजी, यंदा मुहूर्ताला मी हात घालू का, तुम्ही बाजूला बसा. मी हसलो. त्याची बोटं भेंडीसारखी. भाव कळायला बोटात वजन लागतं.

एक्सरसाइज: आज अंगठा पहिल्या बोटाला लागला. जवळजवळ लागला. बाकीची तीन उद्या.

अक्षर सुधारलंय.

२६ ऑक्टोबर

प्लास्टर काढलं. हात बारीक झालाय, कातडी पिवळी. मूठ वळत न्हाई. बोटं सरळ, फळीसारखी. डॉक्टरनं विचारलं, एक्सरसाइज केल्ता का. बराबर केला म्हणालो. त्यांनी एकेक सांधा धरून वाकवून पाह्यला. मी ओरडलो न्हाई, बाहेरच्या बाकावरच्या बाईला उगाच तसं वाटलं.

गरम पाण्यात हात ठेवून रोज बोटं वाकवा म्हणाले. पाच दिवसांवर लाभपंचमी. भरपूर वेळ आहे.

३१ ऑक्टोबर, लाभपंचमी

मुहूर्त झाला. पहिली गाडी म्हस्कूची. धनगर माणूस, मेंढरं कमी करून कापूस लावलाय यंदा. रुमाल टाकला, मी हात घातला. तीन बोटं धरायची होती. माझी बोटं वळलीच न्हाईत, पंजा त्याच्या सगळ्या हातावर पडला. म्हस्कूनं एकदा माझ्याकडं पाह्यलं आणि जल्दी मंजूर म्हणाला. तिनाचे पाच झाले.

रुमालाखाली दिलेला भाव फिरवत न्हाईत. मी पण फिरवला न्हाई. शेठला सांगितलं, बाजार चढणार, मी आधीच वास घेतला. शेठनं पानाचा विडा तोंडात ठेवला आणि लई वेळ चावत राह्यले.

मुहूर्त दणक्यात झाला.

७ नोव्हेंबर

लोकांचं प्रेम पाहून डोळे भरले. म्हस्कूच्या गावचे सगळे शेतकरी गाड्या घेऊन आले आणि म्हणाले, आम्हाला सुरजमलभाऊचाच हात पाहिजे. दुसऱ्या दलालांकडं कोणी गेलं न्हाई. रांग लागली. प्रत्येकाचा सौदा पटकन पटला. घासाघीस बिलकुल न्हाई. हात दुखला, पण इज्जत कमावली.

लाडबाईला सांगितलं तर तिनं पाण्याचं तपेलं पुढं ठेवलं. गरम करून ठेवल्तं. मी म्हणालो, आज थकलोय.

१० नोव्हेंबर

शेठ म्हणाले, आता शांतिलालला हात घालू द्या, तुम्ही तब्येत सांभाळा. मोठी माणसं नव्या पोरांना चान्स देतात, त्याचं हे उदाहरण. दोन दिवसांचा प्रश्न आहे.

शांतिलाल पहिल्या गाडीला बसला तर म्हस्कू तोंड वाकडं करून निघून गेला. बघा, माझ्याशिवाय अडतं.

२१ नोव्हेंबर

आयडिया. डावा हात. रोज लिहून त्याची बोटं एकदम चालू झालीत. शांतिलाल चहाला गेल्ता, तेवढ्यात पुंजाराम गाडीवान कापूस घेऊन आला. मी रुमालाखाली डावा घातला. त्यानं चटका बसल्यासारखा हात बाहेर ओढला. म्हणाला, भाऊ, डाव्यानं सौदा करता का, माझ्या कापसाचं काय वाईट चिंतलंय? सगळा मोंढा पाहत होता. मी म्हणालो, गंमत केली.

घरी आलो. जेवलो न्हाई. लई वाईट वाटलं. उजव्याला मांडीवर घेऊन बसल्तो. सांधे दाबून पाह्यले, एकेक पेर. आतून लाकूड झालंय. थोडं घाबरलो.

उद्यापासून खरंच.

१२ डिसेंबर

जालन्याला गेल्तो, डॉक्टरकडं. हाड बराबर जुळलं म्हणाले. पण बोटांचे सांधे धरून बसलेत. पुष्कळ महिने मेहनत केली तर थोडे सुटतील. मूठ पहिल्यासारखी वळंल का, विचारलं. ते हात पुसत राह्यले.

कार्डावर सही करायला लावली. मी डाव्यानं केली, खाली परतूरचा पत्ता पण लिहिला. ते अक्षराकडं पाहत बसले. विचारलं, आधीपासून डावखुरे का? न्हाई म्हणालो, पडल्यापासून शिकलो. रोज अर्धं पान, लई दिवस चुकवले न्हाईत. जरा छाती फुगवूनच सांगितलं.

डॉक्टर म्हणाले, एवढंच मी उजव्याला सांगितलं होतं.

गाडीत लाडबाई शेजारी होती. परतूर येईपर्यंत माझा उजवा तिनं आपल्या हातात धरून ठेवल्ता.

उद्या बाजार. वारा सुटलाय, रुमाल उडतो, म्हणून तो धरायला माणूस लागतो. शांतिलाल म्हणाला, भाईजी, ते काम डाव्या हातानं चालतं.